दोनदा मीठ

टेकडीमागच्या त्या एकट्या घरातल्या दुहेरी खुनाबद्दल आता जो तो छातीठोकपणे बोलतो. सुट्टीच्या दिवशी लोक फाटकापाशी उभे राहून फोटो काढतात. लाज कशी वाटत नाही, कोण जाणे. मेलेली दोघं म्हणजे शिंप्याची ताई आणि भावोजी, आणि त्या सकाळी शिंप्याचा फोन दोनदा वाजला होता, हे त्यांच्या गावीही नसतं.

एकदा वाजणं रोजचंच. ताई नऊ वाजता एक रिंग देऊन फोन ठेवायची. आम्ही बरे आहोत, तू मशीन थांबवू नकोस, असा त्याचा अर्थ. आसपास दुसरं घर नाही म्हणून शिंप्यानंच तिच्या मागे लागून हे सुरू केलं होतं. आठ वर्षांत तिचा एक दिवस चुकला नव्हता.

त्या दिवशी तो कोटाला बाही लावत होता. नऊला रिंग आली. दहा मिनिटांनी पुन्हा एक आली आणि लगेच तुटली. ताई पहिल्यापासून विसरभोळी. भाजीत दोनदा मीठ घालायची आणि वर सगळ्यांना दटावून खायला लावायची. शिंपी बायकोला म्हणाला, "ताईनं आज दोनदा मीठ घातलं." दोघंही हसली. बाही सुरेख बसली.

दुपारी दूधवाला धापा टाकत दुकानात आला. त्यानं टेकडीकडे बोट दाखवलं.

मारेकरी आठवड्यात सापडला. दुसरी रिंग ताईनं स्वयंपाकघराला आतून कडी लावून दिली होती, हे तपासात निघालं. कोर्टात वकिलानं विचारलं, मग फोन उचलला का नाही?

"उचलायचा नाही, असं ठरलं होतं," शिंपी म्हणाला.

उचलला असता तरी तिथं पोचायला अर्धा तास लागला असता, असं बायको त्याला परोपरीनं समजावते. त्यालाही ते पटतं. पण ताईनं हाक मारली तेव्हा आपण हसत होतो, हे काही केल्या त्याच्या मनातून जात नाही.

आता फोन वाजला की अर्धी शिवण तशीच टाकून तो पहिल्या रिंगेला उचलतो. बहुतेक वेळा विमा विकणारी कुणी मुलगी असते. शिंप्याला विमा नको असतो. तरी ती स्वतःहून फोन ठेवेपर्यंत तो कानाला लावून बसतो, आणि मधूनमधून म्हणतो, "बोल, मी ऐकतोय."