राहिलेलं बारसं

अपूर्वाच्या सहलीत आठच माणसं असायची. नववा कुणी मागं लागलाच तर ती सरळ नाही म्हणून मोकळी व्हायची. सकाळी पुण्याहून निघालेली तिची जीप नऊच्या आत मुळशीत रंभाबाईच्या अंगणात येऊन उभी राहायची. आधी गुळाचा चहा, मग देवराईचं रान, मग धरणाचा काठ, मग रंभाबाईच्या पडवीत जेवण, आणि ऊन कललं की होडीतून एक फेरी मारून परत पुणं. 'एका दिवसात जंगल, बीच आणि तलाव' असं तिनं कागदावर रंगीत अक्षरांत छापून घेतलं होतं. आता हा बीच म्हणजे काय, तर उन्हाळ्यात धरणाचं पाणी उतरलं की उघडी पडणारी गाळाची पट्टी! त्या गाळात पाय बुडवायला पुण्याची माणसं एवढ्या लांब येतात, याचं रंभाबाईला हसू यायचं. पण हसायची ती पदराआड. पोरीचा धंदा आहे, आपण कशाला दात काढा?

रान मात्र रंभाबाईचं. देवराईच्या तोंडाशी ती आठही जणांच्या चपला काढायला लावायची. कुणी भारीतले बूट घालून आलेला कुरकुरलाच, तर म्हणायची, तुजे बूट घालून वाघ काय लग्नाला चालला न्हाई, ठेव हितंच. आत गेलं की गारंबीच्या हातभर लांब शेंगा दाखवायची, शेकरूचं घरटं दाखवायची, आणि वर दम भरायची की हितलं पानसुद्धा बाहेर न्यायचं न्हाई. एकदा एका साहेबानं गारंबीची बी गुपचूप खिशात टाकली. बाईनं त्याला सगळ्यांदेखत खिसा उलटा करायला लावला. साहेब लाजला, बाकीचे हसले, बी जागेवर गेली.

रान संपलं की रंभाबाई घराकडं वळायची, भाकऱ्यांचं बघायला. काठावर माणसं न्यायची ती अपूर्वा. त्यामुळं तिथं उभी राहून ती काय सांगते, हे रंभाबाईच्या कानावर कधी आलंच नव्हतं. गाळाबद्दल माणूस सांगून सांगून काय सांगणार?

अपूर्वा कोथरूडची. हिंजवडीतली चांगली नोकरी सोडून या उद्योगाला लागलेली. पहिल्यांदा आली ती दारात उभी राहून "मावशी, पाणी मिळेल का?" म्हणाली आणि पाण्याबरोबर घरच मागून बसली. चुलीपुढं पाटावर बसायची, तव्यावरची भाकरी हातानं उलटायला जाऊन बोटं भाजून घ्यायची. रंभाबाई तिला वेडी म्हणायची आणि तिच्यासाठी लोण्याचा गोळा मागं ठेवायची. पोर सत्तावीस वर्षांची. हा आकडा पहिल्यांदा कळला, तेव्हा रंभाबाईनं थापत आणलेली भाकरी मोडून पुन्हा गोळा केला होता.

कारण तिची स्वतःची असती, तर तेवढीच असती.

ती वैशाखात झाली आणि नऊ दिवस जगली. दूध ओढेना, रडली तरी आवाज चिवचिव केल्यासारखा, आणि नवव्या दिवशी सकाळी तोही थांबला. दात न आलेल्या लेकराला जाळत नाहीत, पुरतात. रंभाबाईच्या नवऱ्यानं, कुशाबानं, तिला उपरण्यात घेतलं आणि दोन भावकीतली माणसं घेऊन गेला. वैशाखातली जमीन दगडासारखी, कुदळ लागेना. तेव्हा त्यांनी उतरलेल्या पाण्याच्या काठाला, जुन्या बांधाच्या टोकाशी खड्डा घेतला. तिथली माती मऊ होती म्हणून. तीन गडी आणि तिघांच्याही डोक्यात आलं नाही की ही माती मऊ का आहे! आषाढ लागला, धरण भरलं, आणि पोर पाण्याखाली गेली. बाळंतीण उंबऱ्याबाहेर पडायची नाही, म्हणून रंभाबाईनं जागा पाहिलीसुद्धा नव्हती. पुढच्या उन्हाळ्यात पाणी उतरल्यावर कुशाबानं तिला नेलं, एका काळ्या दगडाकडं बोट केलं, आणि तोंड फिरवून उभा राहिला. बिचारा त्यावर आयुष्यात पुन्हा एक शब्द बोलला नाही.

तेव्हापासून दर वैशाखात, त्या दिवशी, रंभाबाई सरपणाच्या निमित्तानं एकटी काठावर जायची. बाजारातून आणलेल्या काळ्या मण्यांच्या मनगट्या, तान्ह्या बाळाच्या हातात बांधतात तसल्या, दगडाखाली सरकवायची आणि परत यायची. पुढं दोन मुलगे झाले, नोकऱ्यांना लागले, त्यांनाही तिनं सांगितलं नाही. हे तिचं एकटीचं होतं, आणि ते तसंच राहावं एवढीच तिची इच्छा होती.

आणखी एक गोष्ट राहिली होती. नाव. बारसं बाराव्या दिवशी, आणि पोर गेली नवव्या. नाव ठेवायचा मान आत्याचा. आत्यानं ते मनात धरायचं, पाळण्यापाशी बाळाच्या कानात सांगायचं, आणि मगच ते इतरांना कळायचं. आत्या म्हणजे गंगूबाई, कुशाबाची थोरली बहीण, याच घरात राहणारी. तिनं काहीतरी नाव धरलं होतं खास, कारण दोन दिवस ती गालात हसत हिंडत होती. रंभाबाईनं ते कधी विचारलं नाही. आज विचारू, पुढच्या वर्षी विचारू, असं करता करता सत्तावीस वर्षं गेली. विचारलं की पोर खरीच गेली, असं तिला वाटायचं.

मागच्या आषाढात अपूर्वा तापानं फणफणून रंभाबाईकडंच पडून राहिली. तीन दिवस रंभाबाईनं तिला भाताची पेज पाजली, कपाळावर पट्ट्या ठेवल्या. तिसऱ्या दिवशी ताप उतरला आणि अपूर्वानं सहज विचारलं, मावशी, तुम्हाला मुलगी नाही का? बाहेर धरण काठोकाठ भरलेलं. काय झालं कुणास ठाऊक, रंभाबाईनं सगळं सांगितलं. खड्डा, दगड, मनगट्या, राहिलेलं बारसं, आणि नाव वन्संनाच ठाऊक, तेही. सांगताना ती रडली नाही, अपूर्वाच रडली. शेवटी रंभाबाईनं तिला शपथ म्हणून चुलीवर हात ठेवायला लावला आणि सांगितलं, "हे हितंच ऱ्हाऊ दे." अपूर्वा म्हणाली, "माझ्याजवळच राहील, मावशी."

हे झालं आषाढात. पुढं उन्हाळा आला, पाणी उतरलं. रंभाबाईचा तो वैशाखातला दिवस अजून आठवड्यावर होता.

त्या रविवारी आठ जणांत शारदाबाई म्हणून एक साठीच्या बाई होत्या, मुलाकडं मारुंजीला राहणाऱ्या, मूळच्या लातूरकडच्या. देवराईत अनवाणी चालताना त्यांच्या पायात काटा मोडला. रंभाबाईनं तो काढला, पण बाई लंगडायला लागल्या. अपूर्वा बाकीच्यांना घेऊन पुढं गेली होती. रंभाबाई म्हणाली, चला, मी सोडते काठापातूर, भाकऱ्या वन्सं टाकतील. हाताला धरून ती त्यांना उतारानं खाली नेऊ लागली.

चालता चालता शारदाबाईंनी विचारलं, मैनाईपर्यंत अजून किती चालायचं? रंभाबाईला वाटलं, ऐकण्यात चूक झाली. कोण मैनाई? हितं असली कुटली देवी न्हाई. शारदाबाईंना वाटलं, बाई चेष्टा करते. त्यांनी पर्समधून पुडी काढून दाखवली. आत मनगट्या होत्या. काळ्या मण्यांच्या.

त्या सांगत राहिल्या की सुनेची दोन बाळंतपणं वाया गेली, आता तिसऱ्यांदा दिवस आहेत. मागच्या महिन्यात सहलीला येऊन गेलेली शेजारीण म्हणाली, मैनाईला मनगट्या वाहिल्या की तान्ही जगतात. रंभाबाईनं त्यांचा हात सोडला नाही, पण पाऊल झपाझप टाकायला लागली. लंगडणाऱ्या बाईला ओढतच नेलं म्हणा ना.

बांधाच्या टोकाशी सात माणसं अर्धगोल करून उभी होती. मध्ये तो दगड. त्याला शेंदूर फासलेला. वर मनगट्यांचा ढीग, कुणी चिल्लर टाकलेली, आणि बाजूच्या झुडपाला चिंधीचे दोन इवलेसे पाळणे लोंबत होते. अपूर्वा पाठमोरी उभी राहून सांगत होती. आवाज कसा मऊ करून, थांबून थांबून. "बाहेर सगळी जमीन दगडासारखी होती. फक्त इथली माती मऊ होती..."

रंभाबाईचेच शब्द. जसेच्या तसे. चुलीपुढं सांगितलेले.

"आणि गावकरी तिला म्हणतात, मैऽनाई."

एकानं फोटो काढला. अपूर्वानं वळून पाहिलं.

रंभाबाई पुढं झाली, खाली बसली, आणि पदरानं दगडावरचा शेंदूर पुसायला लागली. तेलातला शेंदूर तो, पुसून कुठं जातोय! दगड अजून लाल झाला आणि पदर पण. अपूर्वा धावत आली, शेजारी बसली, हळू आवाजात घाईघाईनं बोलायला लागली. तुमचं नाव मी कुठंच घेतलं नाही, मावशी. लोकांना नुसती जागा पुरत नाही, गोष्ट लागते. यंदा माणसं येतच नव्हती, ही गोष्ट सांगायला लागले तसे रविवार भरायला लागले. आणि बघा ना, बायका किती मनापासून येतात, तुमच्या बाळाला किती जण हात जोडतात.

"आन् बारसं बी तूच उरकलंस व्हय?" रंभाबाई म्हणाली. "मैनाई! असलं नाव माज्या पोरीचं न्हाई. पाळन्यात नाव घालाया आत्या लागती. तू कोन?"

"मावशी, ते नाव मी..."

"गप. तोंडातनं काढू नगंस."

आजूबाजूची माणसं आपापल्या पायाकडं बघत उभी होती. शारदाबाई तेवढ्या पुडी हातात धरून पुढं आल्या. त्यांना काही धड कळलं नव्हतं, आणि कळलंही होतं. वाहू की नको, असं त्यांनी नुसत्या डोळ्यांनी विचारलं. त्या बाईवर राग काढावा असं रंभाबाईला वाटेना.

"बाई, ही कुनाला काय देत न्हाई," ती म्हणाली. "नऊ दिसांची पोर हाय माजी. तिलाच काय मिळालं न्हाई. ह्या घरी न्या. सुनंचं लेकरू हुईल, त्याच्या हातात बांदा."

शारदाबाईंनी पुडी परत पर्समध्ये ठेवली. मग वाकून त्यांनी चिल्लर उचलायला सुरुवात केली. एकेक करून बाकीचेही वाकले. कुणी पाळणे सोडले, कुणी मनगट्या गोळा केल्या. अपूर्वानं मदतीला हात पुढं केला, तो रंभाबाईनं बाजूला सारला. अपूर्वाच्या तापात तोच हात धरून बसली होती ती, तीन दिवस.

घरी येईपर्यंत तिनं मागं वळून पाहिलं नाही. आज पडवीत कुणाला वाढायचं नाही, हे तिचं ठरलं होतं. आणि आणखी एक ठरलं होतं. आता ते नाव विचारायचं. सत्तावीस वर्षं दडवून ठेवलेल्या गोष्टीला जगानं बोटं लावली, पण खरं नाव तरी कुणाच्या तोंडात गेलेलं नव्हतं. ते आपलं आहे, ते आज घ्यायचं.

गंगूबाई चुलीपुढं बसून भाकऱ्या टाकत होती. सत्तरीची म्हातारी, डोळ्यांनी अधू, पण भाकरी अजून गोल. रंभाबाई तिच्याशेजारी बसली.

"वन्सं, माज्या पोरीचं नाव काय धरलं हुतं तुमी?"

गंगूबाईनं भाकरी तव्यावर टाकली, वरून पाणी फिरवलं. मग आश्चर्यानं लेकीसारख्या वागवलेल्या या भावजयीकडं पाहिलं.

"आता गं काय इचारतीस? मैना. रडायची तर मैनेवानी चिवचिव करायची, म्हून मैना धरलं हुतं." तिनं भाकरी उलटली. "तुजी ती अपूर्वा आल्ती की शिमग्याच्या आदी इचारत. मला वाटलं, तुला इचारवत न्हाई म्हून तूच धाडलीस. मला लई बरं वाटलं बग. म्हनलं, इतक्या वर्सांनी का हुईना, आईनं नाव इचारलं."

रंभाबाई बोटांवर महिने मोजायला लागली. फाल्गुन, चैत्र, वैशाख. दर रविवारी आठ माणसं. तेवढ्या सगळ्यांनी तिच्या लेकीचं नाव तिच्याआधी ऐकलं होतं. आणि तिनं, आईनं, पहिल्यांदा ऐकलं तेव्हा सगळ्यांदेखत सांगितलं होतं की असलं नाव माझ्या पोरीचं नाही.

भाकरी करपल्याचा वास आला, तसं गंगूबाईनं तिच्याकडं वळून पाहिलं. पदराचा लाल डाग तिला दिसला की नाही कोण जाणे.

"वन्सं," रंभाबाई म्हणाली, "येकदा कानात सांगा. पाळन्यापाशी सांगत्यात तसं."

म्हातारीनं पिठाचा हात झटकला, तिचं डोकं जवळ ओढलं, कानाशी तोंड नेलं आणि रीतीप्रमाणं कुर्र करून नाव सांगितलं.

रंभाबाईनं डोळे घट्ट मिटून घेतले होते. पण तिला ऐकू आला तो अपूर्वाचाच आवाज, मऊ केलेला, थांबून थांबून बोलणारा. मैऽनाई. गंगूबाईला तिनं पुन्हा एकदा सांगायला लावलं, आणि मग आणखी एकदा.