गौरीचा पडदा

भाद्रपदात आईच्या हातांना भाजलेल्या खोबऱ्याचा वास येई. गौरीपूजनाच्या सकाळी भांडुपच्या आमच्या चाळीत तिरपं ऊन स्वयंपाकघरात उतरे आणि त्या उन्हात, वाटणाच्या धुरात, तिच्या हिरव्या बांगड्या अखंड किणकिणत राहत.

आमच्या कोकणी घरात गौर माहेरी येते ती वडे-सागुती जेवायला. तिचा लेक गणपती मात्र शाकाहारी. म्हणून मटणाचं ताट गौरीपुढे ठेवताना आई दोघांच्या मध्ये आपल्या लग्नातल्या लुगड्याचा पडदा धरी. लेकाच्या नजरेआड माउलीने चार घास सुखाने खावेत, एवढीच त्यामागची माया. तेव्हा आईच्या ओठांवर असं मिश्कील हसू असे, जणू तीच चोरून जेवते आहे.

पुढे चाळ पाडली, तिथेच टॉवर उभा राहिला. नव्या घरातल्या पहिल्याच गौरीला शेजाऱ्यांनी वासाची तक्रार केली. सोसायटीची माणसं दारात आली आणि त्याच सागुतीवर वाढलेल्या मी मान खाली घालून त्यांची माफी मागितली. आई आतून ऐकत होती. पुढच्या वर्षी मीच म्हणालो, "आई, यंदा गोडाचंच करूया ना. उगाच लफडं नको."

ती भांडली नाही. तेव्हा मला हायसं वाटलं होतं, आता त्याची लाज वाटते. तिने खीर-पुरी केली, ताट मांडलं आणि नेहमीसारखं लुगडं उलगडून धरलं.

"आता पडदा कशाला गं?"

"त्याच्या आवशीक उपाशी ठेवलेली, ह्या त्याका दिसाक नको."

लेकाला आपली उपाशी आई दिसू नये म्हणून तिने लुगडं आणखी उंच धरलं. त्या दुपारी खीर तशीच गार झाली. आईनेही तिला बोट लावलं नाही.

शिमग्याआधीच आई गेली. यंदा गौर आली तेव्हा मटण आणायचं मी मनाशी पक्कं केलं होतं, पिशवी घेऊन लिफ्टपर्यंत गेलोही. शेजारचे गृहस्थ हसून म्हणाले, "काय, सणाची खरेदी?" मी दूध घेऊन परत आलो.

पुन्हा खीरच केली. लुगडं उलगडलं तर त्याला अजून खोबऱ्याचा वास होता. मी ते दोघांच्या मध्ये धरून उभा राहिलो. गणपतीला काही दिसलं नाही, मला दिसत होतं. काळ गेलेल्या माणसाचा चेहरा हळूहळू पुसत नेतो म्हणतात. पण ज्याला आपणच उपाशी ठेवलं, ते माणूस आठवणीच्या पानावरून कधी उठतच नाही.