धारोष्ण दुधाचा पेला

त्या सकाळी इंद्रभाननं म्हशीची धार काढली आणि त्याच्या बायकोनं, सरस्वतीबाईनं, नेहमीसारखा पितळी पेला त्याच्यापुढं धरला. फेसाळ, कोमट दूध त्यानं उभ्याउभ्याच घशाखाली उतरवलं.

"दीपे, तुमच्या डेअरीत दुधाले पार चटके देता म्हने," मिशीवरचा फेस पुसत तो लेकीला म्हणाला. "काय गुन्हा केला वं त्यानं?"

दीपमाला हसली आणि चिखलीची जीप गाठायला निघाली. बापाच्या अंगात बारीक ताप येऊन-जाऊन होता. उन्हातान्हाचा थकवा, असं म्हणून सगळ्यांनीच काणाडोळा केला होता.

दुसऱ्या दिवशी तो कोबीच्या वाफ्यात कोसळला, आणि दवाखान्यातून घरी आला नाही. डॉक्टरांनी दीपमालाला एकटीला बाजूला घेऊन विचारलं, "घरी कच्चं दूध पितात? म्हैस कधी गाभडली होती, रेडकू अवेळी टाकलं होतं?" गाभडली होती. जनावराचा रोग दुधातून आला होता आणि हृदयाच्या झडपेवर जाऊन बसला होता.

दीपमालाचं कामच दूध तापवायचं. बहात्तर अंशांवर पंधरा सेकंद धरायचं, लगेच गार करायचं. दूध दूधच राहतं, त्यातले रोगाचे जंतू तेवढे मरतात. घरच्या चुलीवर एक चांगली उकळी आली तरी तेच साधतं. साऱ्या चिखलीचं दूध तिच्या डोळ्यांखालून जायचं, आणि घरचा पेला तसाच राहिला होता. पण तो पेला रोज भरून द्यायची आई. तिला हे कोणत्या तोंडानं सांगायचं? "हृदय बंद पडलं," एवढंच ती घरी बोलली. म्हैस विकायचा विषय काढला तर सरस्वतीबाई म्हणाली, "त्यायच्या हातची हाये. दावनीलेच मरन." तेव्हापासून चहाचं दूध दीपमाला स्वतः उकळायची आणि उकळी येईस्तोवर चुलीपासून हलायची नाही.

मग भावजयीला, डिंपलला, दिवस गेले. सातवा लागला तसा सरस्वतीबाईनं माळ्यावरचा पेला काढून घासला. गरोदर बाईला धारोष्ण दूध द्यायचं, ही घरची रीतच होती.

दीपमालानं भावाला गाठून म्हटलं, डिंपलला कच्चं दूध नको. हरिओम म्हणाला, "आईले कोन सांगन? तूच सांग." तिनं डिंपलला म्हटलं, कच्च्या दुधानं पित्त होतं. डिंपल हसली. "सासूबाई म्हंतात बाळ गोरं होते. तुम्ही पेल्या नव्हत्या वाटते लहानपनी?"

संध्याकाळी गोठ्यात दुधाच्या धारा वाजत होत्या. फेस पेल्याच्या काठाशी आला. डिंपलनं हात पुढं केला.

दीपमालानं पेला मधेच धरला.

"काऊन वं?" आई म्हणाली. "सोड. निवून जाईन."

"उकळून देते."

"उकळून देऊन काय फायदा? तुह्या बाबानं जलमभर असंच पेलं."

आईची बोटं अजून पेल्यावर होती, दीपमालाच्या बोटांना लागून.

"म्हनूनच गेले ते, आई," ती म्हणाली. "ताप या कच्च्या दुधाचा होता. डॉक्टरनं मले तवाच सांगतलं. पेला तुह्या हातचा होता, म्हनून मी तुले बोलली नाई."