पडद्यातून ठिबकणारं तीर्थ

हौसाच्या लेकीला, शकूला, पहिला मुलगा झाला, ते साल एकोणीसशे सत्तावन्न. शकू बाळंतपणाला निडीला माहेरी आली होती. भाताची झोडणी आटपली आणि रोह्याला तंबूत सिनेमा लागला, सातशे वर्षांपूर्वीच्या एका सुधारक महाराजांचा. त्यात महाराज वाळीत टाकलेल्यांना ओंजळीने पाणी पाजत आणि नेमकं तेव्हाच पडद्यातून, महाराजांच्या हातापाशी, खरं पाणी ठिबके! माणसं तांबे-बाटल्या घेऊन तुटून पडत.

तंबूवाला कमळाकर ओरडे, "महाराज आजबी पाजतायत! रेटारेटी नको, महाराज कुठं पळून जात नायत!"

बाळाला, जनूला, हगवण लागली. शकू म्हणाली, "आये, डाक्टरकडं नेऊया गो."

"घरात तीर्थ असताना सुई कशाला?" हौसा म्हणाली आणि चमच्याने पाजत राहिली. दुसऱ्या दिवशी पोराचे डोळे खोल गेले. "शिळं झालं असंल. ताजं आणते," म्हणून ती पुन्हा तंबूत गेली.

त्या संध्याकाळी ऐन पाणी पाजताना रीळ तुटलं. पडदा पांढरा झाला. महाराज नाहीसे झाले, पण पाणी ठिबकतच राहिलं. मागे तोटी सोडणाऱ्याला पुढचं काय दिसणार?

शाळेच्या अनसूयाबाई उठल्या. "महाराज गेले. मग पाजतंय कोण?"

"बाई, अदृश्य रूपात—" कमळाकर म्हणाला.

"मग नळीपण अदृश्य असेल. बघूया."

बाईंनी पडद्यामागे, महाराजांच्या हाताच्या उंचीवर बांधलेल्या बांबूवरचं कापड ओढलं. कापडाखाली रबरी नळी, तिला सुईने पाडलेली भोकं, दुसरं टोक तंबूमागे माचावर ठेवलेल्या पिंपात. पिंपात शेवाळ आणि वळवळते किडे.

लोक हसले. हौसाला हसू आलं नाही. पाणी पाजण्याआधी महाराज पडद्यावर दर खेळाला सांगत, "अंगारे-धुपारे सोडा, आजाऱ्याला वैद्याकडे न्या." ते तिने हात जोडून ऐकलं होतं, आणि लगेच बाटली पुढे धरली होती.

ती धावत घरी गेली. पोराला दवाखान्यात नेलं. डॉक्टर म्हणाले, "अंगातलं पाणी संपलंय. काल का नाही आणलंत?"

हौसाने शकूकडे बघितलं. शकूने पोराला छातीशी धरलं आणि पाठ फिरवली. पुढे त्या दिवसाबद्दल ती आईशी कधी बोलली नाही.

त्यानंतर कुठे देवाला घाम फुटल्याचं कानावर आलं की हौसा आधी देवाच्या मागच्या बाजूला जाऊन बघे. बायांना सांगे, "हात मागाहून जोडा गो. पाणी कुठून येतंय ते आधी बघा. आणि पोर आजारी असंल तर बघत बसू नका, दवाखाना गाठा."

जनू त्याच आजारात, एकोणीसशे अठ्ठावन्नच्या जानेवारीत, रोह्याच्या दवाखान्यात वारला. तीन महिन्यांचा होता.