घरच्या कपड्यांना खूण नसते

तिचं खरं नाव शाळेच्या दाखल्यावर होतं, पण त्या घरात राहायला आल्यावर आठवडा उलटायच्या आत सगळे तिला भिंगरी म्हणायला लागले. नाव ठेवलं इस्त्रीकाकांनी, दुकानात इस्त्री करायचे ते. पोरगी एका जागी टेकायचीच नाही. पुढच्या दुकानातून मागच्या धुण्याच्या चौकात, चौकातून जिन्याने वरच्या खोल्यांत, तिथून गच्चीवर वाळत घातलेल्या चादरींमधून, आणि परत खाली. जेवायला बसली तरी एक पाय उठायच्या तयारीत. "हिच्या पायाला कुणीतरी भिंगरी बांधलीय," काका म्हणाले, आणि ते जे चिकटलं ते चिकटलंच.

घर म्हणजे लॉन्ड्रीच होती. आता यंत्राचं झाकण उघडायचं, कपडे टाकायचे, बटण दाबायचं; कपडे कुणाचे, कुणी धुतले, यंत्राला त्याचं काय. तेव्हा तसं नव्हतं. दारात पाऊल टाकलं की आधी साबणाचा वास यायचा, मग खळीचा, मग तापलेल्या कापडाचा, आणि या सगळ्यांच्या मागे ओल्या दगडाचा. तो वास अंगात मुरला की जन्मभर जात नाही.

ती लॉन्ड्री एका बाईंची होती. गिऱ्हाइकं, धुण्याला येणाऱ्या बायका, सगळी त्यांना बाईच म्हणत. नवरा गेला तेव्हा मुलगी मांडीवर होती. तेव्हापासून दुकान त्यांनी एकहाती चालवलेलं. मनगटं अशी की भिजलेली चादर एकट्या पिळायच्या.

भिंगरीचे बाबा छापखान्यात जुळारी होते, म्हणजे शिशाची अक्षरं वेचून ओळी लावायचे. शर्टाच्या बाह्या कायम शाईने काळ्या. भिंगरीची आई गेल्यावर ते शर्ट बाईंकडे यायला लागले, आणि शर्टांपाठोपाठ बाबाही दुकानात जरा जास्तच वेळ थांबायला लागले. इस्त्रीकाका या लग्नाची हकिगत एका वाक्यात सांगत. "शाईचा डाग काही निघेना, म्हणून बाईंनी शर्टासकट माणूसच ठेवून घेतला." त्यावर बाई म्हणत, "तुमचं लक्ष इस्त्रीकडे असू द्या," आणि हसू दाबत.

भिंगरीची मोठी अडचण होती ती बाईंना हाक काय मारायची ही. थोरली, म्हणजे बाईंची मुलगी, ती आई म्हणायची. कामावरच्या बायका बाई म्हणायच्या. बाबा म्हणाले, "तुला सुचेल ते म्हण." पण सुचायलाच तर हवं ना. मग तिने हाक न मारताच बोलायची युक्ती काढली. बाईंच्या समोर जाऊन उभं राहायचं, नजरानजर होईपर्यंत थांबायचं, आणि मग पटकन, "मीठ कुठंय?" त्या पाठमोऱ्या असल्या तर एखादं भांडं वाजवायचं. एकदा बाई हिशेबात गढलेल्या आणि ही टेबलाशी ताटकळत. शेवटी इस्त्रीकाका म्हणाले, "बाई, ते गिऱ्हाईक केव्हाचं उभंय, बघा तरी."

सगळे हसले. भिंगरी नाही हसली.

रविवारी मावशी यायची. सख्खी मावशी, आईच्या पाठची, आणि नाक अगदी आईचंच. आली की भिंगरीला जवळ ओढून तिची हाडं चाचपायची, जशी काही इथे तिला कुणी उपाशी ठेवत होतं. एकदा सगळ्यांसमोरच बाबांना म्हणाली, "भावजी, पोरीचं मन रमत नसेल तर माझं घर आहे. मला ती काही जड नाही."

बाबा आपल्या काळ्या नखांतली शाई खरवडायला लागले. मग म्हणाले, "सुट्टी संपू दे. शाळा सुरू व्हायच्या आधी तिलाच विचारू."

त्या दिवसापासून भिंगरी सुट्टीचे दिवस मोजायला लागली. मावशी तिला आवडायची, पण बाबा इथे आणि आपण तिथे, हे तिला सोसणार नव्हतं. राहायचं इथेच. पण आपल्याला इथे ठेवून घेतलंय की नुसतं ठेवलंय, हे कुणाला विचारायचं? बाबांना विचारावं तर ते म्हणणार, "काहीतरीच काय?" आणि बाईंना विचारायचं तर आधी हाक मारायला लागणार. म्हणून ती नुसतीच वर-खाली करत राहिली.

लॉन्ड्रीत येणाऱ्या कपड्याला खूण घालावी लागे. कॉलरच्या किंवा पट्टीच्या आत, दिसणार नाहीत असे रंगीत दोऱ्याचे दोन टाके. डॉक्टरांच्या घरचा निळा, हेडमास्तरांचा जांभळा, कोपऱ्यावरच्या हॉटेलच्या चादरींना काळा. कितीही कपडे एकत्र भिजले तरी दोरा बघून ज्याचं त्याला परत जायचं. फक्त घरच्या कपड्यांना खूण नसे. ढिगात बिनखुणेचं काही निघालं की डोळे मिटून वर न्यायचं.

बाबांचा दोरा होता हिरवा. लग्न लागलं त्या संध्याकाळी बाईंनी ब्लेड घेतलं, त्यांचा एकेक शर्ट मांडीवर उलटा केला आणि हिरवे टाके काढून टाकले. इस्त्रीकाका म्हणाले, "सुटले साहेब. घरचे झाले." त्या लग्नात दुसरा समारंभ असा काही झाला नाही, आणि भिंगरीला हाच काय तो लक्षात राहिला.

पुढच्या आठवड्यात धुतलेला फ्रॉक अंगात घालताना तिच्या मानेला काहीतरी टोचलं. उलटून पाहिलं तर पिवळा दोरा. दोन टाके. दुसऱ्या फ्रॉकला तेच. रुमालालासुद्धा.

थोरली गच्चीवर चादरींच्या सावलीत खुणा घालत बसली होती. भिंगरी तिच्यासमोर जाऊन उभी राहिली.

"हे कशाला घातलंस?"

"आईने सांगितलं, मी घातलं."

"पण कशाला?"

"खूण असलेले कपडे कुठे जातात?"

"कुठे?"

"परत." थोरलीने दोरा दाताने तोडला. "एवढंही कळत नाही होय गं?"

थोरली काही दुष्ट नव्हती. पण अर्धी खोली, अर्धं कपाट आणि अर्धी आई एवढं सगळं एकदम द्यावं लागलं की कुणाच्याही जिभेला धार येते. आणि बाईंनी खूण का घालायला सांगितली, हे तिलाही नीट सांगितलेलं नव्हतं. बाईंना बोलायला वेळ कुठे होता? त्या एक हात हौदात आणि एक गल्ल्यात अशा जगत.

त्यानंतर भिंगरीला जिकडे तिकडे तेच दिसायला लागलं. तिचे कपडे खळ घालून, नीळ देऊन, कडक इस्त्री होऊन, कागदात बांधून यायचे, आणि फळीवर डॉक्टर आणि हेडमास्तरांच्या मधोमध ठेवले जायचे. घरातल्या बाकीच्यांचे चुरगळलेले, नुसते झटकून घडी केलेले. इस्त्रीकाका तिचं गाठोडं खाली काढताना डोळे मिचकावून म्हणायचे, "पावती आणलीस का? पावतीशिवाय माल मिळणार नाही." काकांनी प्रेमानेच म्हटलेलं, पण भिंगरी ते गाठोडं छातीशी धरून जिना चढायची तेव्हा तिला वाटायचं, हे असंच उचलून एक दिवस मावशीच्या दारात जायचंय. सगळं बांधून तयारच आहे.

सुट्टी संपत आली. येत्या रविवारी मावशी येणार होती. भिंगरीला जेवण जाईना. एका दुपारी घरातली माणसं जरा कलंडलेली पाहून ती सगळे कपडे घेऊन गच्चीवर गेली आणि टाचणीने एकेक पिवळा टाका उसवत बसली. आयुष्यात पहिल्यांदा ती इतका वेळ एका जागी बसली असेल. शेवटी आईच्या हातचा पांढरा फ्रॉक. पोर वाढती म्हणून आईने त्याच्या घेराला आतून भरपूर कापड दुमडून ठेवलं होतं. त्याच्याही गळ्याचा दोरा तिने ओढून काढला. मग सगळे कपडे चुरगळून घरच्या टोपलीत, थोरलीच्या कपड्यांच्या खाली, नीट खुपसून ठेवले. आणि खाली येऊन दोन वेळा मागून घेऊन जेवली.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी चौकातून बाईंचा आवाज आला. बाई आवाज चढवत नसत, त्यामुळे भिंगरी जिन्यातच थबकली. बाईंच्या हातात तो पांढरा फ्रॉक होता, पण तो आता पांढरा नव्हता. कुठे गुलाबी, कुठे तांबूस, ओरखडल्यासारखा. त्याच पाण्यात दुकानाचा नवा लाल पडदा निघाला होता.

"हा घरच्या धुण्यात आलाच कसा? खूण होती ना याला?"

"घातली होती मी," थोरली म्हणाली.

"मग गेली कुठे? उडून?"

"मला काय माहीत."

"तुला नाही तर कुणाला? पहिल्या दिवसापासून तुझं तोंड वाकडं." आणि बाईंनी थोरलीच्या पाठीत एक धपाटा घातला. पिळायचा हात तो. आवाज दुकानापर्यंत गेला.

थोरली रडली नाही. तिने मान वर केली, आणि तिला जिन्यात भिंगरी दिसली. दोघींची नजर मिळाली तेव्हा थोरलीला सगळं कळलं. ती सांगू शकली असती. पण ती ओठ घट्ट मिटून हौदाकडे बघत राहिली.

भिंगरी खाली आली. एकेक पायरी करत, पण आली.

"मी काढली खूण."

"तू? का गं?"

"घरच्या कपड्यांना खूण नसते."

दुकानातला इस्त्रीचा आवाज थांबला. बाई फ्रॉक हातात धरून हौदाच्या काठावर बसल्या.

"बाबांचा दोरा काढला," भिंगरी म्हणाली. "आणि मला घातला."

बाईंनी फ्रॉक बाजूला ठेवला. मग त्या म्हणाल्या, "ये इकडे. हात घाल पाण्यात."

भिंगरीने हात घातला. पाणी राखाडी होतं, बोटांना कचकच लागली.

"घरचे कपडे यात निघतात. सगळ्या गिऱ्हाइकांचं झाल्यावर जे उरतं ना, त्यात. ही थोरली शाळेत जायला लागली तेव्हा हिच्या मास्तरीणबाईंनी मला विचारलं, तुमची लॉन्ड्री ना, मग पोरीचा गणवेश असा का? मी काय सांगणार? आणि तुझ्या आईच्या हातची शिवण या पाण्यात घालू? म्हटलं, पोरीचे कपडे गिऱ्हाइकांबरोबर पहिल्या पाण्यात जाऊ देत. म्हणून दोरा."

"माझे कधी नाही गेले पहिल्या पाण्यात," थोरली मागून म्हणाली.

बाईंनी वळून तिच्याकडे पाहिलं. "नाही गेले," त्या हळूच म्हणाल्या. थोरलीच्या पाठीकडे त्यांचा हात गेला, पण थोरली बाजूला सरकली. एवढ्यात विरघळणाऱ्यातली ती नव्हती.

बाईंनी मग भिंगरीलाच विचारलं. "सांग, कसे धुऊ तुझे कपडे?"

"हिच्यासारखे."

"विटतील."

"विटू देत."

"लवकर फाटतील."

याचा भिंगरीने विचार केला. "मावशी शिवेल."

आतून इस्त्रीकाकांचा आवाज आला. "घ्या. चांगलं गिऱ्हाईक हातचं गेलं."

रविवारी मावशी आली. भिंगरीने मुद्दामच तो फ्रॉक घातला होता. मावशीचा हात तिच्या खांद्यावरच थांबला.

"हा तोच ना? माझ्या बहिणीने शिवलेला?"

बाई पुढे झाल्या. "चूक माझीच. माझं लक्ष..."

"लाल पडद्याचा रंग लागला," भिंगरी मधेच म्हणाली. "आमचे कपडे शेवटच्या पाण्यात धुतात."

"ऐकलंत, भावजी? शेवटच्या पाण्यात." मावशीने फ्रॉकचा घेर बाबांपुढे धरला. "आज विचारायचं ठरलं होतं ना? विचारा मग तिला."

बाबांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. बाईंनी टेबलावरची एक घडी उगाच उलगडली आणि पुन्हा घालायला घेतली. ती काही जमेना. भिंगरीच्या पायांना पळावंसं वाटत होतं, गच्चीवर, रस्त्यावर, कुठेही. पण ती उभी राहिली.

"बाळ, मावशीकडे जायचंय राहायला?" बाबांनी विचारलं.

"नाही."

"का गं?" मावशी म्हणाली. तिचा आवाज एकदम लहान मुलीसारखा झाला होता, आणि भिंगरीला पहिल्यांदाच कळलं की मावशी तिला न्यायला येत होती ती काही फक्त भिंगरीसाठी नव्हे. मावशीचीही बहीण गेली होती.

सांगण्यासारखं कारण तिला सापडेना. तिने मावशीचा हात धरला. "तू येत जा की. रविवारी. माझे कपडे फाटणारेत खूप."

मावशीने डोळे पुसले. "म्हणजे मला कामाला लावतेस."

"बसा ना," बाई तिला म्हणाल्या. "चहा टाकते." मावशी नाही म्हणाली. मग खुर्ची ओढून बसली.

तेवढ्यात गच्चीवरून थोरली ओरडली, "भिंगरे, चादरी कोण काढणार? तुझ्या वाटचा मार मी खाल्लाय. महिनाभर चादरी तुझ्या."

"महिना नाही. आठवडा."

"पंधरा दिवस. आणि कपाटाचा वरचा खण माझा."

"खण नाही देणार," भिंगरी म्हणाली, आणि भांडण नीट करता यावं म्हणून दोन-दोन पायऱ्या एकदम चढत वर निघाली.