गाळलेला निवाडा

धाकट्या न्यायमूर्तीने आपल्या विरोधी निकालाचा मसुदा हेडमास्तरांच्या टेबलावर ठेवला आणि ती न बसता तशीच उभी राहिली. तिघांच्या त्या खंडपीठाची प्रथाच होती, ज्याच्या विरुद्ध लिहायचं त्यालाच ते आधी वाचायला द्यायचं. पाठीमागून वार नको, एवढाच हिशेब.

हेडमास्तर हे वकिलांनी ठेवलेलं नाव. ज्येष्ठ न्यायमूर्तींना शिस्तीपुढे काही दिसत नसे. संप म्हटलं की कपाळाला आठ्या. आणि समोरचं अपील नेमकं संपात उतरलेल्या परिचारिकेचं. रुग्णालयाने तिचं म्हणणं न ऐकताच तिला काढून टाकलं होतं. इथे हरली तर पुन्हा कुठल्या वॉर्डात पाऊल टाकायची सोय नव्हती. हेडमास्तर रुग्णालयाच्या बाजूने होते, धाकटी परिचारिकेच्या. तिसरे न्यायमूर्ती सज्जन माणूस. रोज तिघं एकत्र जेवतात, त्यात मिठाचा खडा कशाला, म्हणून ते ज्येष्ठांच्या मागे गेले होते.

मसुदा वाचून हेडमास्तर पुन्हा पहिल्या पानावर आले. त्यांचा चेहरा पडला.

"माझा निकाल कुठाय यात?"

तिने नजर टेबलाच्या कडेवर वळवली.

"नवा न्यायमूर्ती होतो तेव्हाचा. ऐकून घेतल्याशिवाय कुणालाही कामावरून काढता येणार नाही, असं मीच लिहिलंय. कोर्टात वाचला तेव्हा तू मागच्या बाकावर बसली होतीस."

"सर, भर कोर्टात तुमचाच निकाल तुमच्यापुढे धरायचा... मन होईना."

"आणि त्या बाईची बाजू लंगडी ठेवायला मन झालं?"

आवाज चढला नव्हता, तरी तिला कान धरल्यासारखं वाटलं. वकिलीची पहिली वर्षं तिने त्यांच्याच हाताखाली काढली होती, हा सूर तिच्या ओळखीचा होता. तो निकाल देण्यात आपली चूक झाली असं आता वाटतं, आणि आपण तसं स्वच्छ लिहिणार आहोत, हेही त्यांनी सांगून टाकलं. पण तिने तो गाळायचा नाही. मग पेन उघडून त्यांनी समासात स्वतःच्या हाताने त्या निवाड्याचा क्रमांक लिहिला.

सुधारलेला मसुदा तिसऱ्या न्यायमूर्तींनी जेवणाच्या टेबलावरच वाचला. डबा तसाच राहिला. या निवाड्यापुढे आपल्याला दुसरं काही लिहिता येत नाही, राग मानू नका, असं ते चाचरत म्हणाले. हेडमास्तरांनी त्यांचा डबा त्यांच्यापुढे सरकवला.

निकालाच्या दिवशी धाकटीने आता बहुमताचा झालेला आपला निकाल वाचला. त्यात हेडमास्तरांच्या जुन्या निवाड्याचा परिच्छेद आला तसे वकील हेडमास्तरांकडे चोरून पाहू लागले. हेडमास्तर ताठ बसून ऐकत होते. शेवटच्या बाकावर परिचारिकेने दोन्ही हातांत तोंड लपवलं. मग हेडमास्तरांनी आपलं एकट्याचं विरोधी मत वाचलं, एकही शब्द न गिळता.

बाहेरच्या व्हरांड्यात त्यांच्या वकिलीच्या काळातला एक जुना मित्र भेटला. त्याला राहवलं नाही.

"तुझाच निवाडा तुझ्यावर उलटवला की तिने. बरा सापडला तिला."

"सापडणारच," हेडमास्तर म्हणाले. "तिची तालीम चांगल्या ठिकाणी झाली आहे."

हरलेल्या माणसाची छाती इतकी फुगलेली मित्राने कधी पाहिली नव्हती. दोन पावलं मागून येणाऱ्या धाकटीने ते ऐकलं आणि मान खाली घालून चालत राहिली.