दसऱ्याचा कापूस

तुम्ही मला समोर पाहिलेत तर दोन पावले मागे सराल, मित्रांनो, आणि ते बरोबरच आहे. मी एक जुने पिस्तूल आहे. मात्र लढाईचे नाही, सरावाचे. आयुष्यभर मी फक्त कागदाला भोके पाडली, आणि त्या एवढ्याशा कामाचाही मला फार ताठा होता. तो ताठा एका सकाळी कसा उतरला, तेच आज सांगणार आहे.

माझा जन्म दूर परदेशातल्या एका कारखान्यात झाला. माझ्या नळीच्या आत पिळाच्या खाचा पाडल्या गेल्या, म्हणजे गोळी गिरक्या घेत सरळ जावी. तिथून मी आपल्या सैन्याच्या एका छावणीत आले. नवे जवान माझ्यावर नेम शिकत. कोणी मला हळुवार धरी, तर कोणी नांगराच्या मुठीसारखे आवळी. चांगले नेमबाज स्पर्धेला मलाच मागत, आणि बाकीची पिस्तुले माझ्यावर जळत. निदान मला तसे वाटे.

मग नवी पिस्तुले आली. मला तेल लावून कागदात गुंडाळले आणि पेटीत ठेवले. अकरा वर्षे मी त्या पेटीत होते. एक दिवस झाकण उघडले आणि कोणीतरी माझ्या नंबरापुढे शेरा मारला, ‘गरजेपेक्षा जास्त’. खोटे कशाला बोलू, मला रडू आले असते. ज्याला कोणी मोडके म्हणत नाही पण हवेही म्हणत नाही, त्याने जायचे कुठे?

पण त्या शेऱ्यानेच माझे नशीब फिरले. अशी जादा ठरलेली सरावाची पिस्तुले नोंदणीकृत नेमबाजांना द्यायची, अशी योजना निघाली. तिचे पत्र अमरावतीच्या एका रायफल क्लबात पोचले, आणि तिथे ते दीपमालाने वाचले.

दीपमाला बडनेऱ्याची. तिथल्याच स्टेशनच्या पार्सल ऑफिसात ती कारकून आहे. तिचे वडील देवमन रेल्वेत गँगमन होते, आता निवृत्त आहेत. तिच्याकडे स्वतःचे पिस्तूल नव्हते. क्लबाचे एकच पिस्तूल सहा जणांत फिरे, आणि हिची पाळी येईपर्यंत बाकीचे त्याची नेमाची पट्टी आपापल्या डोळ्याप्रमाणे फिरवून ठेवत. तिने अर्ज केला. मग पोलीस चौकशीला घरी आले. शेजाऱ्यापाजाऱ्यांना विचारून गेले, मुलगी भांडखोर आहे का, घरात कोणी पिते का. तिची आई सुंदराबाई आठ दिवस धड जेवली नाही.

“घरात पिस्तूल कावून पायजे व तुले?” ती म्हणे. “लोकं काय म्हनतीन?”

“लोकं म्हनतीन का पोरगी नेम चांगला धरते,” देवमन म्हणाले, आणि विषय तिथेच संपला.

परवाना आला, पण त्यावर मुदत होती. तेवढ्या दिवसांत शस्त्र घेतले नाही तर पुन्हा पहिल्यापासून सगळे. कागद इकडून तिकडे फिरत राहिले, आणि शेवटी दीपमाला सैन्याच्या आमच्या डेपोत पोचली ती मुदतीच्या अगदी शेवटच्या दिवशी. सोबत अकोल्याचे वाहेदचाचा होते. हे फौजेत हत्यारे दुरुस्त करायचे. आता अकोल्यात शिलाई मशिनी दुरुस्त करतात आणि क्लबाच्या मुलामुलींना शिकवतात.

टेबलावर आम्ही पाच जण मांडलेले होतो. एकच निवडायचे, आणि एकदा नेले की परत नाही. माझ्या शेजारचे पिस्तूल नवरीसारखे चमकत होते. माझा काळा रंग कडेने उडालेला, मुठीवर चरा. दीपमालाचा हात सरळ त्या चमकणाऱ्याकडे गेला.  

“बेटा, चमक पे मत जा,” वाहेदचाचा म्हणाले. “पयले नयीतून उजेड पाय.”

त्यांनी तिला शिकवले ते असे. गोळ्यांचे मॅगझिन काढायचे, वरची सरकती स्लाइड मागे ओढून अडकवायची, आत गोळी नाही याची खात्री करायची, आणि मग मागच्या बाजूने नळीतून उजेडाकडे पाहायचे. त्या चमकणाऱ्याच्या नळीत तिला गंजाचे डाग दिसले. मग तिने मला उचलले. माझ्यातून तिला खिडकीबाहेरचे आभाळ दिसले, गोल आणि स्वच्छ.

“हेच,” ती म्हणाली.

“हे पाहनं रोजचं. पयल्या गोयीच्या आधी, हर रोज,” चाचा म्हणाले. “आपन थकलो असो, उशीर झाला असो, पाहनं सोडाचं नाई.”

संध्याकाळी पाचच्या आत परवान्यावर माझा नंबर चढला आणि मी तिचे झाले.

पुढचे दीड वर्ष माझ्या आयुष्यातले सगळ्यात सुखाचे. रोज सकाळी सातला ती क्लबात येई, ड्युटीआधी तासभर सराव करी आणि नंतर मला पुसून पेटीत ठेवी. ती बाहेरगावी जाई तेव्हा मी क्लबाच्या लोखंडी खोलीत राही. त्या खोलीची किल्ली जानरावांकडे. जानराव क्लबाचे जुने राखणदार. स्वतः कधी गोळी झाडली नाही, पण आम्हाला नातवंडांसारखे जपत. वाहेदचाचा अकोल्याहून महिन्यातून दोनदा येत, तेव्हा जानराव चहा घेऊन पुढे आणि चाचा चुका काढायला पुढे, असे चाले.

आणि आता दसरा आला, मित्रांनो. इथून पुढे माझे बोलणे जरा अडखळेल.

दसऱ्याला शस्त्रांची पूजा होते, हे तुम्हाला ठाऊक आहे. आदल्या वर्षी पूजेत दोन रायफलींच्या नळ्यांत कुंकू गेले होते, आणि वाहेदचाचांनी जानरावांना चार लोकांत झापले होते. ते त्यांना फार लागले होते. म्हणून या वर्षी जानरावांनी आधीच ठरवले, कुंकवाचा कणही आत जाऊ द्यायचा नाही.

त्या दिवशी दीपमाला क्लबात नव्हती. त्यांच्या घरचे सगळे दरवर्षी या दिवशी नागपूरला दीक्षाभूमीवर जातात. दुसऱ्या दिवशी अकोल्यात राज्य संघाची निवड चाचणी होती, तरी देवमन म्हणाले होते, “चाचनी वरसातून चारदा येते, हे एकदाच.” घर बंद राहणार म्हणून ती मला लोखंडी खोलीत ठेवून गेली होती.

जानरावांनी सगळी शस्त्रे चादरीवर मांडली. मला पाहून थांबले.

“पोरीचं पिस्तूल कावून सोडू?” ते स्वतःशीच म्हणाले. “उद्या तिची चाचनी हाय.”

वाती वळून उरलेला कापूस त्यांच्यापाशी होता. त्यांनी प्रत्येक नळीच्या तोंडात त्याचा बोळा बसवला. माझे तोंड बारीक, बोळा बसेना, म्हणून उदबत्तीच्या काडीने तो आत दाबला. मग हळद, कुंकू, फूल, थोडे तेल. पूजा झाली. जानराव एकेक बोळा काढू लागले. माझ्यातला ओढला तर अर्धा हातात आला, तेल पिऊन जड झालेला अर्धा आतच राहिला. त्यांनी हातातला बोळा पाहिला, सगळा निघाला असे समजून बाजूला टाकला, मला फडक्याने पुसले आणि पेटीत ठेवले. शेवटी माझ्या पुढच्या टोकाला कपाळ टेकवून ते म्हणाले, “पोरीले यश दे.”

बंद नळीत गोळी सुटली तर काय होते, हे मी छावणीत पाहिले आहे. कधी अडथळा उडून जातो आणि काहीच होत नाही. कधी गोळी आत अडते, मागून दुसरी येते, नळी फुगते, फाटते, आणि उडालेला तुकडा बोटात जाईल की डोळ्यात, हे कोणी सांगू शकत नाही. माझ्या बाबतीत काय होईल ते मला माहीत नव्हते. मला फक्त एवढे माहीत होते की सकाळी मला उचलणारा हात दीपमालाचा असेल, आणि मला तोंड असून बोलता येत नाही.

सकाळी ती आली. डोळे तांबारलेले, नागपूरच्या गर्दीतून मध्यरात्री परतलेली. रजिस्टरवर सही करून पेटी घेतली. जानराव म्हणाले, “झकास पुसून ठेवलं बरं.” ती हसली, त्यांच्या पाया पडली आणि पळाली. मी मनात म्हणत होते, ती तिथे गेल्यावर पाहीलच. रोज पाहते.

पण बडनेऱ्याला गाडी दीड तास उशिरा आली. अकोल्याच्या मैदानावर ती पोचली तेव्हा तयारीच्या वेळेतली दोनच मिनिटे उरली होती. वाहेदचाचा दोरीपलीकडे घड्याळ पाहत उभे होते. तपासणीच्या टेबलावर परवाना आणि नंबर पाहून तिला पुढे सोडले. ती धावत आपल्या जागी गेली. चष्मा लावला, कानाला संरक्षण लावले, भोके पाहायच्या दुर्बिणीचा स्टँड हलत होता तो नीट केला. पेटी उघडली. मला वाटले, आता. आता स्लाइड ओढेल आणि उजेडाकडे धरेल.

“लोड,” हुकूम आला. मैदानाच्या प्रमुख अनीसा मॅडम होत्या. त्यांचा आवाज लांबूनही खणखणीत येई.

दीपमालाने पाच गोळ्यांचे मॅगझिन माझ्यात सरकवले आणि स्लाइड सोडली. पहिली गोळी नळीच्या मागे जाऊन बसली. पुढे तेलकट बोळा होता.

पहिल्या पाच गोळ्या सरावाच्या असतात, त्यांचे गुण धरत नाहीत. पण त्यावरूनच आज नेम कुठे बसतो ते कळते, आणि माझ्यासारख्या जुन्या पिस्तुलाला ते फार लागते. “स्टार्ट” म्हटल्याबरोबर डावी-उजवीकडे आवाज सुरू झाले. दीपमालाने हात उचलला. श्वास सोडला. तिचे बोट ट्रिगरवर टेकले आणि हळूहळू दाब वाढू लागला. तो दाब मी हजार वेळा ओळखलेला होता. आणखी केसभर, की सुटलीच. त्या क्षणी मला माझ्या सगळ्या ताठ्याची लाज वाटली.

नेमबाज लक्ष्याकडे नाही, माझ्या टोकावर नेमासाठी असलेल्या काळ्या खुंटीकडे पाहतो; तिला माशी म्हणतात. माशी स्पष्ट दिसली पाहिजे, बाकी धूसर चालते. त्या काळ्या माशीवर एक लाल कण होता. पुसताना राहून गेलेले कुंकू.

बोट थांबले.

तिने ते पाहिले. मग तिच्या मनात काय आले ते मला बोटावरूनच कळले, कारण ते गार पडले. काल पूजा झाली. आज मी नळी पाहिली का?

नव्हती पाहिली. आणि गोळी भरलेली होती. आता थांबायचे तर सगळ्यांदेखत थांबावे लागणार, सरावाची फेरी जाणार, आणि नळी स्वच्छ निघाली तर हसू होणार ते वेगळेच. तिने बोट बाहेर काढले, मला लक्ष्याकडे तोंड करून टेबलावर ठेवले आणि डावा हात वर केला.

अनीसा मॅडम आल्या. “बिघाड आहे का?”

“नाई मॅडम. नयी पाह्याची राहून गेली.”

मागे कोणीतरी फिस्सकन हसले. “भंगारातलं घेतलं तं असंच होईन,” दुसरा म्हणाला. ते मलाही लागले.

मॅडम मात्र हसल्या नाहीत. त्यांच्यासमोर तिने मॅगझिन काढले, गोळी बाहेर घेतली, स्लाइड अडकवली आणि मला उजेडाकडे धरले. मग तिने मला मॅडमकडे दिले. त्यांनीही पाहिले. माझ्यातून आभाळ दिसत नव्हते.

वाहेदचाचांनी दोरीवरून सळई पुढे केली, ती दीपमालाने नळीत घातली. बोळा बाहेर पडला, पिवळा-लाल, तेलाने चिकटलेला, करंगळीच्या पेराएवढा. मघा हसणारा आता आपल्याच पिस्तुलाची स्लाइड ओढून पाहत होता.

“सरावाची फेरी संपली,” मॅडम म्हणाल्या. “ती परत मिळणार नाही. खेळायचंय?”

“खेयतो,” ती म्हणाली.

ती खेळली. पहिल्या दहा गोळ्या उजवीकडे गेल्या, कारण नेम कुठे बसतो ते कळायलाच तेवढ्या लागल्या. पुढच्या सगळ्या छान बसल्या. निवडीला तीन गुण कमी पडले.

बाहेर आल्यावर वाहेदचाचा संतापले होते. “मी लिहून देतो क्लबाले. त्या जानरावले किल्लीले हात लावू देनार नाई.”

“त्या कागदावर माही बी सही चालन का?” दीपमाला म्हणाली.

“तुयी कशाले?”

“गोया मीनं भरल्या चाचा. न पाहता.”

 चाचांनी पाण्याची बाटली तिच्या हातात दिली आणि पिऊन होईपर्यंत उभे राहिले.

संध्याकाळी ती मला घेऊन क्लबात आली. जानराव फाटकातच उभे होते.

“झाली का निवड?”

“नाई काका.” तिने रुमालातला बोळा काढून त्यांच्या तळहातावर ठेवला.

जानरावांनी तो ओळखला. पायरीवर बसले. मग त्यांनी विचारले, “भरलं होतं?”

“हो. पाच.”

त्यांनी तिचा उजवा हात ओढून घेतला आणि एकेक बोट दाबून पाहू लागले. अंगठ्यापासून करंगळीपर्यंत, मग पुन्हा. “मी तं जपून राहिलो होतो व बाई,” ते म्हणाले आणि ढसाढसा रडले. ती त्यांच्याशेजारी बसून राहिली. हात तिने सोडवून घेतला नाही.

मित्रांनो, मला फुले वाहा किंवा वाहू नका, माझी हरकत नाही. पण जे जपायचे ते डोळे उघडे ठेवून जपा. जानरावांची माया खोटी नव्हती, दीपमालाची शिस्तही खोटी नव्हती, तरी दोन्ही मिळून एक गोळी भरली गेली. आणि कधी मधेच वाटले की आपले काहीतरी पाहायचे राहिले, तर सगळे पाहत असले तरी हात वर करा. हसणारे हसतील. तीन गुण जातील. तीन महिन्यांनी पुन्हा चाचणी आहे, आणि उद्या सकाळी सात वाजता पाचही बोटे शाबूत असलेला तो हात मला पेटीतून उचलणार आहे.